हिराच्या नावाला वळलेली घोडी

किनवटला जाऊन आले म्हटलं की लातुरात पहिला प्रश्न ठरलेला असतो, "मग माहूरला दर्शन झालं का?" नाही झालं. माहूरचा डोंगर तिथून काही लांब नाही, आणि मैत्रिणीने तसं ठरवूनही ठेवलं होतं. पण पहिले दोन दिवस कामात गेले आणि तिसऱ्या दिवसानंतर दोघींनाही कुठं जावंसं वाटेना. त्या तिसऱ्या दिवसाविषयी मी घरी फारसं बोलले नाही. म्हणून इथं लिहिते आहे.

मी जनावरांची डॉक्टर. चोवीस वर्षं नोकरी झाली. सुरुवातीची सात शिरूर अनंतपाळला, बाकीची लातूरच्या आसपास. गाई, म्हशी, शेळ्या, कोंबड्या, क्वचित एखाद्या साहेबाचं कुत्रं. घोडा मात्र माझ्या वाट्याला फार कमी आला. आमच्या भागात घोडा म्हणजे वरातीचा. तोही आमच्या घरात सरळपणे कधी आला नाही. माझ्या थोरल्या चुलत्यांच्या लग्नात घोडेवाला वेशीपर्यंत आला आणि वरच्या आळीतल्या चार लोकांशी बोलून तिथूनच परत फिरला. चुलते चालत मांडवात गेले. लहानपणी ही गोष्ट इतक्यांदा ऐकली, की घोडा दिसला की मला आधी त्याची पाठच दिसायची, आपल्याकडं फिरवलेली.

जानेवारीत वनिताचा फोन आला. आम्ही दोघी परभणीला एका खोलीत राहून शिकलो. ती आता किनवट तालुक्यातल्या एका गावात मुलींच्या वसतिगृहाची अधीक्षिका आहे.

"अगं, इथं माळावर घोडी आहेत, मोकाट. त्यातल्या एका घोडीच्या पायात तार रुतली आहे. रोज सकाळी येऊन आमच्या मैदानापलीकडं उभी राहते. मुली जेवेनात."

"गावातल्या कुणाला सांग ना धरायला."

"कुणी हात लावत नाही," ती म्हणाली. "तू येच."

गाव

गावाचं नाव लिहीत नाही. लिहिलं तर हौशी लोक मोबाईल घेऊन तिकडं धावतील.

नांदेडहून रेल्वेनं भोकर सोडलं, हिमायतनगर मागं पडलं, की खिडकीतून येणारी हवा बदलते. आमच्याकडं नजर जाईल तिथवर काळी रानं. इथं साग अंगावर येतो. किनवट स्टेशनवर वनिता जीप घेऊन आली होती. गाव तिथून तासाभरावर, टेकडीच्या पायथ्याशी. टेकडीच्या डोक्यावर सपाट माळ, आणि माळाच्या मागं जंगल.

जेवायला ज्वारीची भाकरी, अंबाडीची भाजी आणि लसणाचा ठेचा होता. भाजीत त्यांनी तुरीची डाळ घातली होती. आम्ही कण्या घालतो. मी तसं म्हटल्यावर स्वयंपाकाच्या बाईंनी माझ्याकडं दयेनं पाहिलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी धुकं इतकं होतं की मैदानातला झेंड्याचा खांब अर्धाच दिसत होता. मुली रांगेत दात घासत होत्या. अचानक सगळ्यांचे हात थांबले. मी पाहिलं तर तारेच्या कुंपणापलीकडं घोडी उभी होती. येताना टापांचा आवाज आला नव्हता. मी मोजली, अकरा. बुटकी, दणकट, पोटाखाली केस वाढलेले. दोन काळी, एक अबलख, बाकी तांबडी. मोकाट जनावर माणूस दिसलं की कान टवकारतं, फुरफुरतं, निदान एखादं पाऊल मागं घेतं. ही घोडी यातलं काही करत नव्हती. नुसती बघत होती. आणि आमच्याकडंही नव्हे. आमच्यावरून, गावाकडं.

जखमी घोडी कडेला होती. कपाळावर टिकलीएवढा पांढरा ठिपका. पुढचा डावा पाय टेकवत नव्हती. रानडुकरांसाठी शेतात गाडीच्या क्लचच्या तारेचे फासे लावतात, त्यातला एक फास खुराच्या वर आत गेला होता. माशा घोंघावत होत्या. मी कुंपणातून दहा पावलं पुढं गेले. ती बरोबर दहा पावलं मागं सरकली. मी थांबले तशी तीही थांबली. असं चार वेळा झालं. मग ऊन आलं आणि सगळी टेकडी चढून गेली.

"किती दिवस जगेल?" वनितानं विचारलं.

"अळ्या पडल्या आहेत. आठ दिवस, फार तर दहा."

चहाच्या टपरीवर मी विचारलं, "ही घोडी कुणाची?"

"कुणाचीच न्हाईत."

"मग रानाची?"

"रानाची बी न्हाईत, बाई." टपरीवाला कप विसळत म्हणाला. "मारोतीमामाला विचारा. त्यालाच ठाव हाय."

मारोतीमामा

मामांच्या घरी जायला त्यांच्याच वावरातून वाट आहे. गावातली बाकीची वावरं लढाईला निघाल्यासारखी सजलेली होती. कुठं झटका मशीनच्या तारा, कुठं काठ्यांना बांधलेल्या जुन्या साड्या, कुठं रिकामे डबे. डुकरं आणि घोडी, दोघांचाही त्रास. मामांच्या हरभऱ्याला मात्र काहीच नव्हतं. साधी काटेरी फांदीसुद्धा नाही. आणि पीक असं उभं, की मी चालता चालता एक घाटा तोडून तोंडात टाकला.

मामांचा मुलगा बळीराम माझ्या आणि वनिताच्या सोबत होता. पस्तिशीचा, बोलका. तो म्हणाला, "आमच्या वावरात तोंड घालत न्हाईत घोडी. डुकरं येत्यात, घोडी न्हाई. लोक म्हनतेत नशीबवान हाव."

मग त्यानं मला बांध दाखवला. वावराच्या चारही बाजूंनी हातभर रुंदीची पायवाट पडली होती, घट्ट, चकचकीत. तिच्यावर खुरांचे ठसे, जुन्यावर नवे. वाट एकाही ठिकाणी आत वळलेली नव्हती. कोवळा हरभरा वाटेवर ओणवला होता, तरी त्याचा शेंडासुद्धा कुरतडलेला नव्हता. माझ्या तोंडातला घाटा मला एकदम नकोसा झाला.

मारोतीमामा ओसरीवर दोरी वळत बसले होते. सत्तरीपुढचे, वाळलेले, पांढरं धोतर, डोक्याला मफलर. मी घोडीविषयी विचारलं तसे त्यांचे हात थांबले. बळीरामला त्यांनी चहा आणायला पाठवलं आणि तो आत गेल्यावरच बोलले.

"मी टांगा चालवत होतो, बाई. किनवट टेशनावर. पाच टांगे होते आमचे. माझी घोडी हिरा. माळेगावच्या जत्रेतून आनली होती, दोन दातांची. मंग काळी-पिवळी जीपा आल्या. टांग्यात कोन बसतंय? घोडीला खायाला घालायचं का पोराला, असं झालं. बाकीच्यांनी आपापली घोडी माळावर नेऊन सोडली. म्या बी सोडली."

"मग?"

"म्या घरी पोचायच्या आधी ती दारात उभी. दुसऱ्यांदा सोडली, पुन्हा आली. तिसऱ्यांदा नेली." त्यांनी दोरी मांडीवरून खाली ठेवली. "तिसऱ्यांदा दगडं मारली. पहिलं लागलं तवा तिला वाटलं चुकून लागलं. जवळ आली. मंग तोंडावर मारलं. तवा थांबली. पळाली न्हाई. नुसती थांबली. म्या मागं बघत बघत खाली आलो, ती तिथंच उभी."

आतून कपबशांचा आवाज येत होता. मामा घाईनं म्हणाले, "बावीस-तेवीस वर्सं झाली. ती कवाच मेली असंल. ही तिची, तिच्या पोरांची पोरं. समद्या गावाचं खात्यात. माझं खात न्हाईत. लोकं नशीब म्हनतेत."

मी म्हटलं, "मामा, एकीच्या पायात तार आहे. मला एकटीला धरू देणार नाही. तुम्हाला घोडं कळतं. नुसतं डोकं धरा, बाकी मी करते."

"न्हाई. म्या त्या माळावर पुन्हा पाय ठेवलेला न्हाई."

"मरेल ती."

मामांनी मान हलवली. बळीराम चहा घेऊन आला. पुढं सगळं बोलणं हरभऱ्याच्या भावावर गेलं. आम्ही निरोप घेतला तेव्हाही ते उठले नाहीत.

माळ

तिसऱ्या दिवशी सकाळी वसतिगृहाच्या फाटकाशी मामा उभे होते. हातात कालचीच दोरी, वळून पूर्ण झालेली.

"चला," एवढंच म्हणाले.

वनिता, मी आणि मामा टेकडी चढलो. माझ्या पिशवीत गुंगीचं इंजेक्शन, पक्कड, मलमपट्टीचं सामान. वर पोचलो तेव्हा धुकं पातळ होत होतं. माळावर गुडघाभर वाळलेलं गवत आणि मध्ये एक उथळ खळगा. घोडी खळग्याच्या कडेनं चरत होती.

मामा खळग्यात उतरून थांबले. मफलर काढून त्यांनी खांद्यावर टाकला. मग जिभेनं टाळूवर आवाज काढला, टांगेवाले काढतात तसा. आणि हाक मारली, "हिरा."

मोठ्यानं नव्हे. दारातून कुणाला आत बोलवावं तशी.

अकराच्या अकरा माना एकाच वेळी वर आल्या. त्यात सहा महिन्यांचं शिंगरूही होतं. वनितानं माझा दंड धरला. त्या नावाची घोडी मरून किती वर्षं झाली होती, आणि यातल्या कुणालाही आजवर कुणी हाक मारलेली नव्हती.

टिकलीवाली घोडी तीन पायांवर लंगडत सरळ मामांपाशी आली. त्यांनी गळ्यात दोरी टाकली तरी हलली नाही. मी दात पाहिले, सहा-सात वर्षांची असेल. मानेच्या मुळाशी, खांद्यावर, तिला दोन्हीकडं पांढऱ्या केसांचे चट्टे होते. टांग्याच्या घोड्यांना साज घासून असेच चट्टे पडतात. ते जन्मतःही असू शकतात, असं मी तेव्हा स्वतःला सांगितलं. मामांचा हात न बघताच त्या चट्ट्यावर गेला होता आणि तिथंच राहिला.

मी मानेत इंजेक्शन दिलं. तिचं डोकं खाली आलं. मामांनी ते आपल्या छातीवर पेललं. तार हाडाला टेकलेली. पक्कड लावून तीन ठिकाणी तोडली, ओढून काढली, अळ्या वेचल्या, जखम धुतली, औषध भरलं, धनुर्वाताची सुई दिली. कामात अर्धा तास गेला असेल. मी खाली मान घालून होते, म्हणून वनितानं हळूच म्हटलं तेव्हाच वर पाहिलं.

"मीना, उठू नकोस एकदम."

बाकीची दहा घोडी आमच्याभोवती गोल उभी होती. तोंडं आत. दोन घोड्यांमध्ये चार-पाच हातांचं अंतर. श्वासाची वाफ दिसत होती, इतकी जवळ.

मी सामान पिशवीत टाकलं आणि उभी राहिले. वनिताचा हात धरून दोन पावलं टाकली. समोरची अबलख घोडी बाजूला झाली. आम्ही तिच्या अंगाला अंग लागेल इतक्या जवळून बाहेर पडलो. मामा आमच्या मागं निघाले. अबलख पुन्हा जागेवर आली.

मामा उजवीकडं वळले. उजवीकडची एक पाऊल पुढं सरकली. डावीकडं वळले, डावीकडची सरकली. लाथ नाही, चावा नाही, कान मागं पाडणं नाही. फक्त वाट बंद.

"मामा, घाबरू नका," मी ओरडले.

"म्या घाबरलो न्हाई," ते म्हणाले. "तुमी जा."

आम्ही गेलो नाही. वनितानं बळीरामला फोन लावला. अर्ध्या तासात तो मोटारसायकल माळापर्यंत आणून पोचला, मागून पंधरा-वीस माणसं काठ्या घेऊन. तोवर ऊन लख्ख झालं होतं. टिकलीवाली गुंगीतून सावरून चार पायांवर उभी होती, तीही आता त्या गोलात. मध्ये पांढऱ्या धोतरातला एक म्हातारा माणूस.

लोक जवळ गेले की घोडी एकमेकांना चिकटत. मागं सरले की पुन्हा अंतर सोडत. बळीरामनं फटाक्याची माळ आणली होती. ती लावली. धूर झाला, आवाज टेकड्यांवरून परत आला, एकाही घोडीची कातडी थरथरली नाही. तेव्हा त्याचा धीर सुटला. त्यानं वाकून दगड उचलला.

आतून मामा ओरडले. इतक्या मोठ्यानं की मला वाटलं त्यांना काही झालं.

"बळ्या! दगड टाक खाली! माझी शपथ हाय तुला. कुनी दगड उचलायचा न्हाई!"

बळीरामच्या हातातून दगड पडला. तो तिथंच खाली बसला आणि रडायला लागला. बापाला पहिल्यांदा असं ओरडताना ऐकलं, असं त्यानं मला नंतर सांगितलं.

दुपारभर आम्ही सगळे गवतात बसून होतो. कुणीतरी खालून भाकरी आणल्या, कुणी खाल्ल्या नाहीत. घोडी पाळीपाळीनं चरायला जात होती. दोन बाहेर पडायची, उरलेली सरकून जागा भरायची, ती परतली की दुसरी दोन. मी इतकी वर्षं जनावरांत काढली, असं कधी पाहिलं नाही. मामा आधी उभे होते. मग बसले. मग आम्हाला दिसलं की त्यांचे ओठ हलत आहेत. ते बोलत होते. हातानं खुणा करत, मध्येच थांबत, कुणी प्रश्न विचारल्यावर आठवून सांगावं तसे. वाऱ्याची दिशा उलटी होती, शब्द ऐकू येत नव्हते. घोड्यांचे कान मात्र सगळे पुढं.

सूर्य सागाच्या शेंड्यांना टेकला तेव्हा अबलख वळली आणि जंगलाकडं चालू लागली. तिच्या मागं बाकीची, एका ओळीत. टिकलीवाली शेवटी, लंगडत पण चौथा पाय टेकवत. कुणी मागं वळून पाहिलं नाही. मामा उठले, धोतर झटकलं आणि आमच्याकडं चालत आले. पाणी मागितलं. अख्खा तांब्या प्यायले.

परतताना

चौथ्या दिवशी सकाळी मी त्यांच्या घरी गेले. तब्येत बघायला म्हणून, पण खरं म्हणजे विचारायला. मामा ओसरीवर जेवत होते, दोन भाकरी आणि दूध. बळीराम उंबऱ्यात बसून बापाकडं बघत होता.

"काय बोलत होता, मामा?"

"समदं सांगितलं. हिराला कशी आनली. तिचा रंग. तिला गूळ कसा लागायचा. टेशनावरून रिकामी गाडी असली तर कशी मस्तीत चालायची. मंग सोडली ते सांगितलं. दगडं बी सांगितली, किती मारली ते."

"आणि मग सोडलं त्यांनी तुम्हाला?"

"न्हाई. त्याच्यानंतर बी लई येळ उभी होती." त्यांनी ताटात हात धुतला. "मला धरून ठेवलं ते तिथंच, बाई. त्याच खळग्यात. जिथं म्या तिला सोडलं व्हतं, बरोबर तिथंच."

बळीरामनं मान खाली घातली. ही हकिकत त्यालाही काल रात्रीच बापाच्या तोंडून कळली होती.

मला अकराची गाडी गाठायची होती. मामा वाटेपर्यंत पोचवायला आले. माझी पिशवी त्यांनीच घेतली होती, देईनात. जीप उभी होती. वनिता पुढं जाऊन बसली. तेव्हा मामांनी विचारलं,

"बाई, तुमी शिकल्याल्या हाव. घोडं किती वर्सं ध्यानात ठेवतं?"

"जन्मभर ठेवतं, मामा. घोड्याची आठवण फार पक्की असते."

"ते म्हाइत हाय मला," ते म्हणाले. "कुनाच्या जन्मभर?"

मला वाटलं ते सहज बोलले, उत्तराची त्यांना गरज नसावी. पण ते खरंच विचारत होते. माझी पिशवी हातात घट्ट धरून, माझ्याकडं बघत, ते उभे राहिले. ड्रायव्हरनं दोनदा हॉर्न वाजवला. मी पिशवीला हात लावला, तरी ते उभेच होते.